आत तोंड केलेले बूट

दुपारचे सव्वातीन. जागा, इंजे गावाच्या वरच्या डोंगरात 'बेकाम' नावाच्या प्रार्थनागृहाचं फाटक. बर्फ थांबलेला, धुकं खाली उतरलेलं. मला सोडून बस वळली आणि पहिल्याच वळणावर तिचा आवाज बंद झाला. कोणी हलकेच दार लोटून घ्यावं, तसा.

वेळ, जागा, हवा. जन्मभर बातमी अशीच सुरू केली. हीही तशीच सांगतो, म्हणजे मागाहून कोणी म्हणायला नको की प्यो म्हातारपणी गोष्टी रचायला लागला.

काम अगदी साधं होतं. हातात पिशवी, पिशवीत बायकोचा जाड कोट आणि तिच्या रक्तदाबाच्या गोळ्या. मिरान चर्चमधल्या बायकांबरोबर आठवड्याच्या उपासप्रार्थनेला म्हणून इथं आली होती. बाकीच्या बायका परतल्या, ही राहिली. फोन केला की म्हणायची, "अजून थोडं. बोलणं अर्धवट राहिलंय." कुणाशी, असं विचारलं की फोनवर नुसती हसायची.

असल्या ठिकाणांबद्दलचं माझं मत सगळ्या गांगवन प्रांताला ठाऊक आहे. आजारी माणसाला औषध सोडायला लावणारी दोन प्रार्थनागृहं माझ्या बातम्यांनी बंद पडली. रविवारी मी मिरानला चर्चच्या दारात सोडतो आणि बाहेर गाडीत पेपर वाचत बसतो. देव असेल तर त्यानं समोर यावं आणि प्रश्नांना उत्तरं द्यावीत, एवढीच माझी मागणी. मंत्र्यांकडेही मी याहून जास्त काही मागितलेलं नाही.

पण त्या दिवशी बसमध्ये मला जाळत होतं ते हे नव्हतं. 'बोलणं अर्धवट राहिलंय.' आमची बोलणी कधी अर्धवट राहत नसत. मीठ संपलंय. बरं. झालं बोलणं. आणि आता उपाशीपोटी, गोळ्यांशिवाय, गारठ्यात बसून ही बाई कुणाशी एवढं बोलत होती, की ते संपतच नव्हतं?

जेवणघरात मेंगमावशी होती. स्वयंपाक तिच्याकडे.

"पत्रकारसाहेब ना?" मला पाहताच ती म्हणाली. "इथं पहिल्यांदा येणारे नवरे सगळे असेच येतात. पोलीस ठाण्यात तक्रार द्यायला आल्यासारखे. बसा. पोटात गरम गेलं की राग निम्मा होतो."

मी बूट काढून वर चढलो. तिनं वाकून ते उचलले आणि टोकं बाहेरच्या बाजूला करून ठेवले. पाहुण्याचे बूट असे ठेवायचे, निघताना सरळ पाय घालता यावेत म्हणून. घरच्या माणसाचे कोणी फिरवत नाही. ते पडतील तसे, तोंड आत.

तिनं वाळवलेल्या मुळ्याच्या पाल्याचं सूप पुढं ठेवलं.

"मिरान जेवते का?" मी विचारलं.

"भाताचं शीत नाही. पाणी नेते. दोन पेले."

"दोन?"

"एक तिचा." मावशी भांडं घासत राहिली. "बायका देवापुढं काय काय ठेवतात हो. मी विचारत नाही. पण खरं सांगू? दोन्ही पेले रिकामे परत येतात."

"तहान लागत असेल."

"असेल की. पण उपाशी बाई वाळायला हवी ना? तुमची बायको उजळलीय. लग्नाच्या पहिल्या वर्षी माझी सून अशी दिसायची. जाऊ दे, सुनेचं नाव काढलं की माझं सूप खारट होतं." तिनं हात पुसले आणि आवाज उतरवला. "बाईला लागतं काय हो? तिनं काही सांगितलं की कोणीतरी 'मग?' म्हणावं. इथं म्हणतंय कोणीतरी."

मी चमचा खाली ठेवला, पिशवी उचलली आणि उठलो.

प्रार्थनेच्या खोल्या जेवणघरामागे, टेकडीत कोरलेल्या. गुडघे टेकून बसलं की डोक्यावर वीतभर जागा उरावी एवढ्याच. प्लायवूडची बुटकी दारं, आतून कडी. खोल्यांवर सिमेंटचं छत पुढं आलेलं, त्यामुळं दिवसासुद्धा तिथं संध्याकाळ. ओल्या भिंतीचा, विझलेल्या मेणबत्तीचा आणि माणसांच्या जुन्या घामाचा वास. एरवी इथं दहा-दहा जण एकदम 'प्रभो, प्रभो' करून ओरडत असतात. त्या दुपारी सगळी दारं उघडी आणि काळी होती. एकच बंद होतं.

त्या दाराशी मिरानचे करडे बूट होते. शेजारी पुरुषाचे, काळे, चामड्याचे. तोंड आत.

मी पिशवी खाली ठेवली. आतून ती हसली.

हे हसू माझ्या ओळखीचं होतं. चुनचन शहरात एका खोलीत भाड्यानं राहत होतो तेव्हाचं. आमची मुलगी झाली, मोठी झाली, परदेशी गेली. त्या सगळ्यात ते कधी बंद पडलं, मला सांगता येणार नाही. विजेचा दिवा जातो तेव्हा कळतं. हे तसं गेलं नव्हतं.

मग ती म्हणाली, "दांगशिन... तुम्ही फार थट्टा करता."

दांगशिन. म्हणजे 'तुम्ही'. आमच्या भाषेत हा शब्द तीन ठिकाणी चालतो. बायको नवऱ्याला म्हणते. प्रार्थनेत माणूस देवाला म्हणतो. आणि बाजारात दोन अनोळखी माणसं भांडायला उठली की एकमेकांच्या तोंडावर फेकतात. शब्द तोच, सूर ऐकावा लागतो. मिरान पहिल्या सुरात तो मला म्हणायची. मग मुलीचं नाव घेऊन 'तिचे बाबा' म्हणू लागली. मुलगी गेल्यावर तेही गेलं. उरलं 'हे बघा'.

आत शांतता होती. बंद दारांबाहेर उभं राहण्यात माझी हयात गेली आहे. समोर कोणी नसतं तेव्हाची शांतता वेगळी आणि समोरचा बोलत असतो तेव्हाची वेगळी. ही दुसरी होती.

"नाही हो," मिरान म्हणाली. "वाईट नाही तो. फक्त... घरी असा कधी आलाच नाही."

शांतता.

"आलाय? आत्ता?" पुन्हा शांतता. मग अगदी हळू, "बरं. तुम्ही म्हणाल तसं."

मी दार ठोठावलं नाही. ते काळे बूट माझ्या डोळ्यांसमोर होते आणि या डोंगरावर मेंगमावशी सोडली तर एकच माणूस राहत होता. प्रार्थनागृहाचे पाळक म्योंग.

मी कचेरीचं दार न विचारता उघडलं. पाळक म्योंग रॉकेलच्या शेगडीपाशी, गरम पाण्याच्या घमेल्यात पाय सोडून बसले होते. बारीक माणूस, सुजलेले पाय. डोंगरावर येण्यापूर्वी ते एका कॉलेजात मानसशास्त्र शिकवत, हे मी माहिती काढून आलो होतो.

"तुमचे बूट कुठं आहेत?" मी ओरडलो.

"तुम्ही त्यांच्यावरच उभे आहात."

खाली पाहिलं. रबरी, तपकिरी. मी बाजूला झालो.

"प्यो साहेब ना? तुमच्या बातम्या वाचल्या आहेत. दार लावा, गारठा येतोय."

"माझ्या बायकोच्या खोलीत पुरुष आहे."

"तुम्ही पाहिला?"

"बूट पाहिले."

ते हसले. "एकट्या बाईच्या दारात पुरुषाचे बूट असतात, साहेब. येणाऱ्याजाणाऱ्याला वाटावं आत गडीमाणूस आहे. तुमच्या आईनं ठेवले नव्हते?"

ठेवले होते. वडील गेल्यावर कितीतरी वर्षं. पण मी माघार घेणारा नव्हे.

"मग ती बोलते कुणाशी? तुम्हीच शिकवत होता ना कॉलेजात, की एकटं पडलेलं माणूस स्वतःशीच बोलतं आणि उत्तर देणाऱ्याला देव म्हणतं?"

"शिकवत होतो. आजही खोटं वाटत नाही. बाळाला जवळ घेतल्यावर त्याच्या मेंदूत काय होतं, तेही शिकवायचो. तेवढ्यानं आई खोटी ठरते का?"

"आई दिसते."

"तुमची बायको तुम्हाला दिसत होती?"

मी शेगडीला लाथ घालायची बाकी ठेवली. "हे बघा पाळकसाहेब, शब्दांची कसरत मला करून दाखवू नका. उपाशी माणसाला भास होतात, हे शाळेतलं पोरही सांगेल. त्या बाईला बाहेर काढा, नाहीतर उद्याच्या पेपरात तुमचं नाव येईल. आणि दुसऱ्याच्या बायकोशी कोंडून घेऊन बोलणारा तुमचा तो देव... त्याच्या स्वतःच्या आज्ञांत तो मत्सरी आहे म्हणून लिहिलंय. त्याला मत्सर चालतो आणि मला नाही?"

म्योंग बराच वेळ पाण्यात पाय हलवत राहिले. मग म्हणाले, "मत्सराचं मला सांगू नका. मी तिच्या शेजारच्या खोलीत बसतो. भिंतीला कान लावून."

"काय?"

"नोकरी सोडली, घर सोडलं, या डोंगरावर येऊन बसलो. इतक्या वर्षांत मला एकदाही उत्तर आलेलं नाही, साहेब. एक शब्द नाही. लोकांना सांगतो, धीर धरा, तो ऐकतो. स्वतः मात्र... आणि ही बाई आली, बसली आणि तिला लगेच... मला फक्त तिचा आवाज येतो. मधली शांतता येते. ती शांतता रिकामी नसते. तुम्हीही ऐकलीत ना?"

प्रश्न मी विचारतो, मला कोणी विचारलेले चालत नाहीत.

आम्ही दोघं खोल्यांकडे गेलो. धुकं छताखाली शिरलं होतं. दार बंद, आत सामसूम. मी खाली बसून काळ्या बुटांपैकी डावा उचलला आणि माझे हात तिथंच थबकले. टाच बाहेरच्या अंगानं झिजलेली. माझी तशीच झिजते. बुटाच्या जिभेपाशी लाल दोऱ्याची शिवण. चुनचन स्टेशनसमोरच्या चांभाराकडे काळा दोरा संपला होता, म्हणून त्यानं लाल घातला होता आणि मिरान आठवडाभर हसत होती. माझे लग्नातले बूट. इमारतीखालच्या जुन्या कपड्यांच्या पेटीत मीच टाकून दिलेले.

म्हणजे तिनं ते काढून घेतले होते. जपले होते. इथं आणले होते.

मला काय वाटलं ते मी लपवणार नाही. दिवसभर छातीत धरलेली आग एकदम खाली बसली. जिच्या 'दांगशिन'चा मी हेवा करत होतो, तो दांगशिन मीच होतो! ती त्या भाड्याच्या खोलीतल्या मुलाशी बोलत होती.

"बघा," म्योंग पुटपुटले. त्यांच्या सुरात सुटका होती आणि किंचित समाधानही. दुसऱ्याचं नशीब आपल्याएवढंच निघाल्याचं. "मानसशास्त्राचा पहिला धडा. तरुणपणचे तुम्ही."

"आणि तुमचा देव?"

"तो कधी कुणाच्या बुटातून येतो, सांगता येत नाही," ते थट्टेनं म्हणाले.

मी बूट सरळ करायला आत हात घातला. आतून तो ऊबदार होता.

पायातून आत्ताच काढलेला बूट असतो तसा. किंचित दमट. तळ उलटा केला. खाचांत बर्फ होता, ताजा, न मळलेला. मी तो म्योंगांच्या हातात दिला. त्यांनीही आत बोटं घातली आणि पटकन काढून घेतली.

"इथं... शेगडी वगैरे काही नाही," ते म्हणाले. मी विचारलं नव्हतं.

"मिरान!" मी हाक मारली. "मिरान, मी आहे."

आत कापड सळसळलं.

"दांगशिन..." ती म्हणाली. मला नाही. आत. "ऐकलंत? बाहेर कोणीतरी तुमच्या आवाजात बोलतंय."

शांतता. तीच, भरलेली. म्योंगांनी माझी बाही धरली होती.

मग ती दबक्या आवाजात हसली. "हो. हुबेहूब."

कडी निघाली. दार उघडलं आणि मिरान वाकून बाहेर आली. गालांवर रंग, केस विंचरलेले. उठून उभी राहिली आणि मला पायांपासून डोक्यापर्यंत पाहिलं. बाजारात धक्का मारून गेलेल्या माणसाला पाहावं तसं.

"दांगशिन कोण?" तिनं विचारलं.

तिसरा सूर.

त्या शब्दासाठी मी किती वर्षं वाट पाहिली होती, हे मला त्याच क्षणी कळलं. आणि तो असा मिळाला.

तिच्या खांद्यावरून मी आत पाहिलं. मेणबत्ती. दोन पेले. दोन उशा बसायच्या. आत कोणीही नव्हतं. पण भिंतीकडची उशी मधोमध दबलेली होती आणि माझ्या देखत ती हळूहळू, हळूहळू फुगून वर येत होती.

मी कोट तिच्या अंगावर टाकला, दंडाला धरलं आणि म्हणालो, "चल घरी." ती आली. विरोध केला नाही. फक्त निघताना मागं वळली आणि त्या रिकाम्या खोलीला म्हणाली, "येते हं."

बसमध्ये ती माझ्या खांद्यावर झोपली. उतरायच्या सुमारास जागी झाली, डोळे चोळले, "कोट बरा आणलात, बाई किती गारठा," म्हणाली. गोळी घेतली. घरी येऊन भात खाल्ला. डोंगरावरचं विचारलं तर म्हणाली, "प्रार्थना करत होते. दुसरं काय करणार?" डॉक्टरांनी तपासलं. प्रकृती उत्तम. एवढ्या उपासानंतर इतकी उत्तम कशी, असं त्यांनी मलाच विचारलं.

त्या दिवसापासून ती मला दांगशिन म्हणते. पहिल्या सुरात. दिवसभरातलं सांगते आणि मीही 'मग?' म्हणायला शिकलो. मला हवं होतं ते सगळं मला मिळालं आहे. तुम्ही म्हणाल, मग तक्रार काय? तक्रार ही, की माझं वाक्य संपलं तरी ती ऐकत राहते. माझं तोंड बंद असताना. मान हलवते. आणि मग मी न केलेल्या विनोदावर हसते.

आणखी एक. संध्याकाळी मी घरी येतो, बूट काढतो आणि आत जातो. थोड्या वेळानं पाहतो तर बूट फिरवलेले असतात. टोकं बाहेर. मी ते आत वळवतो. ती पुन्हा फिरवून ठेवते. प्रेमानं, फडक्यानं पुसून.

मग म्योंगांचा फोन आला. भर दुपारी. धाप लागली होती.

"आला, प्यो साहेब! मला आवाज आला! इतक्या वर्षांत... त्याच खोलीतून. दार बंद आहे. कोणी नाही आत, आणि आतून..."

"काय म्हणतोय?"

"रडतोय. म्हणतो, माझ्या बायकोला... परका माणूस घेऊन गेला."

"कुणाचा आवाज आहे?"

मग ते फार हळू म्हणाले, "आत्ता तुम्ही बोललात ना... तोच."

फोन बंद झाला. पुन्हा लावला तर उचलला नाही. अजून उचलत नाहीत. मेंगमावशी सांगते, पाळक त्याच संध्याकाळी अनवाणी डोंगर उतरून गेले.

मी गप्प बसणारा नव्हे. तिथल्या ठाण्यात तक्रार दिली. हवालदार गेला. खोलीला आतून कडी होती. दार फोडावं लागलं. आत माणूस नव्हता. दोन पेले होते, रिकामे. 'कडी गारठ्यानं अडकली असावी,' असं त्यानं लिहून दिलं. मी ठाणेदाराला फोन करून विचारलं, गारठा कडी अडकवेल, पण आधी ती लावतो कोण? ते म्हणाले, प्यो साहेब, तुम्हाला विश्रांतीची गरज आहे. दाराबाहेरच्या काळ्या बुटांचं विचारलं. तिथं बूट नव्हते म्हणे.

आज दुपारी मी घराच्या दाराशी खाली बसलो आहे. स्वयंपाकघरात मिरान ताटं मांडते आहे. माझे बूट नेहमीसारखे, टोकं बाहेर. त्यांच्या शेजारी ते काळे, लाल शिवणीचे. तोंड आत. तळाच्या खाचांत बर्फ आहे, अजून वितळायचा आहे. चुनचनमध्ये या आठवड्यात बर्फ पडलेला नाही. खालच्या पहारेकऱ्यानं कॅमेरा दाखवला. सकाळपासून आमच्या मजल्यावर कोणी आलेलं नाही.

"दांगशिन, जेवायला चला," मिराननं हाक दिली. पहिला सूर. मी उठायच्या आधीच ती आत कशावर तरी हसली.

हे बूट इथं कोणी आणले, हे मी ठाण्याला विचारलं आहे, प्रार्थनागृहाला विचारलं आहे, तिलाही विचारलं आहे. अजून कोणी उत्तर दिलेलं नाही.